बंबात गेलेला व्हिडिओ गेम

माझ्या वडिलांनी माझा व्हिडिओ गेम बंबात घालून जाळला, ही गोष्ट आमच्या घरात घडलीच नाही, असं गेल्या वर्षी मला ऐकवण्यात आलं. ऐकवणारे वडीलच होते आणि ऐकवताना त्यांच्या हातात तोच खेळ होता. मी सांगलीत ज्युनियर कॉलेजात कॉम्प्युटर शिकवते. वर्गात कितीही गोंधळ झाला तरी मी आवाज चढवत नाही. त्या दिवशी मात्र माझा आवाज खालच्या मजल्यावरच्या लोकांनी ऐकला.

आधी काय घडलं होतं ते सांगते.

आमचं गाव उंब्रजपासून थोडं आत. वडिलांना मी आबा म्हणते. ते फौजेत होते, सुट्टीवर यायचे तेवढेच. एरवी घरात आई आणि मी, एकुलती एक. मामाचं कोइमतूरला गलाईचं दुकान, म्हणजे सोनं गाळून शुद्ध करायचं काम. एका दिवाळीला तो बहिणीला साडी आणि भाचीला व्हिडिओ गेम घेऊन आला. पांढरट डबा, त्याला वायरीनं जोडलेले दोन रिमोट आणि वर खोचायची एक पिवळी कॅसेट. टीव्हीचं चॅनल जुळवता जुळवता मामाला घाम फुटला, आणि शेवटी पडद्यावर विटांच्या भिंती दिसल्या तेव्हा तोच माझ्याआधी ओरडला.

त्या कॅसेटवरचा रणगाड्यांचा खेळ मला लागला. खाली मधोमध एक पक्षी, त्याच्याभोवती विटांचा कोट. वरून शत्रूचे रणगाडे उतरायचे आणि विटा फोडत पक्ष्याकडे यायचे. आपला रणगाडा फिरवायचा, गोळ्या झाडायच्या, पक्ष्याला वाचवायचं. दोघांनी मिळून खेळता यायचं. आळीतली पोरं आमच्या सोप्यात, म्हणजे पुढच्या खोलीत, जमायला लागली. बहुतेक मुलगेच, कारण मुली तेव्हा धाकटी भावंडं काखेला मारून फिरत असायच्या. आणि त्या सगळ्यांत मी चांगली खेळायचे. हे मी आज सांगतानाही मला बरं वाटतं. शाळेत मी मधल्या बाकावरची, कबड्डीत मला कुणी घ्यायचं नाही, पण त्या सोप्यात मुलगे म्हणायचे, "तू ये गं, तुझ्याबिगार ही पातळी निघत न्हाई." मागच्या घरातला एक मुलगा डावी बाजू सांभाळायचा, मी उजवी. आम्ही एकमेकांशी बोलायचोसुद्धा नाही फारसं. बोलायला वेळच नसायचा.

आबा थंडीत सुट्टीवर आले. रविवार होता, सकाळची वेळ. मी जमिनीवर मांडी घालून बसले होते, दोन्हीकडे मुलगे, मागे आणखी दोघंतिघं वाकून बघत होते. आबा मागच्या दारानं आत आले. पोरांना वाटलं, तेही बघायला थांबलेत. एकानं सरकून त्यांना जागाही करून दिली. आबांनी टीव्हीच्या मागची वायर उपसली. डबा, दोन्ही रिमोट, कॅसेट, सगळं काखेत घेतलं आणि परसात गेले. पोरं पुढच्या दारानं पळाली. मी आबांच्या मागे गेले.

परसात आंघोळीचं पाणी तापवायचा बंब पेटलेला होता. बंबाच्या मधल्या नळीत जळण टाकायचं असतं, तिच्यात तो डबा मावणार नव्हता. मग त्यांनी तो फरशीवर ठेवला आणि कुऱ्हाड उलटी धरून फोडला. एकेक तुकडा नळीत टाकला. रिमोटच्या वायरी गुंडाळून टाकल्या. काळा धूर निघाला, घशाला चिकटणारा. मी रडले नाही, ओरडले नाही. आई चुलीपाशी भाकरी थापत होती. तिच्या थापण्याचा आवाज मला येत होता. तो एकदाही थांबला नाही.

सगळं टाकून झाल्यावर आबांनी हात झटकले आणि म्हणाले, "पाणी तापलंय. जा, आंघोळ करून घे."

आणि मी केली. त्या पाण्यानं. केसांत तो वास राहिला असं मला किती दिवस वाटत होतं. आई म्हणायची, कसलाच वास येत नाही.

पुढं कुणी हा विषय काढला नाही. मी अभ्यासाला लागले. लोकांना वाटलं पोरगी सुधारली. मी कॉम्प्युटर घेऊन शिकले, सांगलीत नोकरी लागली, लग्न झालं. नवरा साखर कारखान्यात केमिस्ट आहे. हंगाम सुरू असला की त्याच्या पाळ्या, माझं कॉलेज, संध्याकाळी स्वयंपाक. असं बरं चाललेलं.

काही वर्षांपूर्वी कॉलेजच्या लॅबमध्ये प्रॅक्टिकल चालू असताना एका कोपऱ्यातून मला ती धून ऐकू आली. खेळ सुरू होताना वाजायची ती, छोटीशी. मी तिकडं वळले. एका विद्यार्थिनीनं घाईनं स्क्रीनवरची खिडकी बंद केली आणि म्हणाली, "सॉरी मॅडम." मी तिला म्हटलं, बंद करू नकोस, काय आहे ते दाखव. तिनं सांगितलं की एम्युलेटर नावाचा प्रोग्रॅम असतो, तो जुन्या व्हिडिओ गेमच्या डब्याचं सोंग घेतो. खेळाला वाटतं आपण त्याच डब्यात आहोत, आणि जुन्या कॅसेटवरचे खेळ कॉम्प्युटरवर चालतात. मी कॉम्प्युटर शिकवणारी बाई, मला हे ठाऊक नव्हतं. म्हणजे शब्द ठाऊक होता, पण मी त्या वाटेला कधी गेलेच नव्हते.

त्याच आठवड्यात घरच्या लॅपटॉपवर मी तो घेतला. रिमोटसारखा दोन्ही हातांत धरायचा एक कंट्रोलर आणला. नवऱ्यानं एकदा डोकावून बघितलं, "हे काय लहानपणीचं?" म्हणाला आणि गेला. मी त्याला काही सांगितलं नाही. कॉलेजातून आल्यावर, चहा झाल्यावर थोडा वेळ मी खेळायचे. त्या वेळात कुणी हाक मारली तर मी ओ द्यायचे नाही.

मग आबांना अर्धांगाचा झटका आला. मिरजेच्या दवाखान्यात होते, तिथून आमच्या घरी आणले, कारण व्यायाम करून घ्यायला बाई रोज येणार होत्या आणि गावाकडं ते जमण्यासारखं नव्हतं. आईही आली. उजवा हात आणि पाय गेलेले, बोलणं थोडं जड, पण डोकं शाबूत. लेकीच्या घरी राहायचं म्हणून आबांचा जीव नुसता घुसमटत होता. जावई घरात आला की उठून बसायचा प्रयत्न करायचे आणि कलंडायचे. व्यायामाच्या बाईंनी हातात रबरी चेंडू दिला, हा दाबा म्हणाल्या. आबांनी तो गादीवरून ढकलून दिला.

"मी काय रांगतं पोरगं हाय का?"

बाई मला बाहेर घेऊन गेल्या. म्हणाल्या, "आत्ता बोटं हलवली नाहीत तर ती अशीच आखडून बसतील. काहीही करा, पण हात कामाला लावा त्यांचा."

दोन दिवसांनी संध्याकाळी मी खेळत बसले होते. आबा पलंगावर पडून बघत होते, ते मला कळलंच नाही.

"त्यो रणगाड्यांचा खेळ हाय न्हवं?"

मी मान वळवली नाही. "व्हय," म्हटलं.

"बघू. मला दे."

माझ्या अंगात अशी आग झाली की मला कंट्रोलर त्यांच्या तोंडावर फेकावासा वाटला. मागतोय कोण? आणि किती सहज! जणू शेजारच्या घरातली चहाची कपबशी मागावी. पण बाईंचं बोलणं कानात होतं. मी उठले, लॅपटॉप त्यांच्यापुढं स्टुलावर ठेवला, त्यांचा उजवा अंगठा उचलून गोळी झाडायच्या बटणावर ठेवला आणि डावा दिशांच्या बटणांवर. आणि बाजूला बसले.

त्यांना खेळ अजिबात येत नव्हता. हवालदार होऊन निवृत्त झालेला माणूस, पण पहिल्याच फेरीत त्यांनी स्वतःच स्वतःचा पक्षी उडवला. पण अंगठा हलला. बटण दाबायला त्यांना सगळा खांदा पुढं ढकलावा लागत होता, कपाळावर घाम येत होता, तरी चेंडूसारखं त्यांनी ते ढकलून दिलं नाही. दुसऱ्या दिवशी बाईंनी हात तपासला आणि खूश झाल्या. "चालू ठेवा हेच."

मग रोज संध्याकाळी माझ्या वेळेत आबा खेळायला लागले. माझा तेवढाच वेळ होता, तोही गेला. मी शेजारी बसून त्यांचा अंगठा सरळ करायचे.

एम्युलेटरमध्ये एक सोय असते. खेळ जिथं आहे तिथं जपून ठेवता येतो, आणि पुढं हरलं तर एक बटण दाबून परत तिथंच जाता येतं. आमच्या त्या डब्यावर असलं काही नव्हतं, हरलं की हरलं. मी आबांना ही सोय एकदा दाखवली आणि पस्तावले. त्यांना तिचा नादच लागला. रणगाडा फुटला की, "मागं ने." पक्षी गेला की, "मागं ने गं." नुसती गोळी चुकली तरी, "न्हाई न्हाई, मागं ने." कीबोर्डवरचं बटण दाबायला त्यांचा हात पोचत नव्हता, म्हणून ते मी दाबायचं. या माणसानं आयुष्यात कुणालाही दुसरी संधी दिली नव्हती. दूध उतू गेलं म्हणून आईशी आठवडाभर बोलले नव्हते. आणि आता एका फेरीत दहा वेळा मागं ने, मागं ने. मी दात आवळून बटण दाबत होते.

असं चाललेलं असताना गावाकडचे एक चुलते आबांना बघायला आले. दुपारची वेळ, शनिवार होता, मी घरी होते. आबांनी त्यांना दाखवायला म्हणून मुद्दाम खेळ लावायला सांगितला. हात आता बराच हलत होता. चुलते कौतुकानं बघत होते.

"लय भारी की रं गड्या! ह्ये कुठनं शिकलास?"

"शिकतोय कुठनं! ही लहान हुती तवा मीच आणून दिलेला हिला," आबा म्हणाले. "पोरगी म्हणून कवा कमी केलं न्हाई. म्हणून तर आज कॉलेजात कॉम्प्युटर शिकवती."

मी चहाचा ट्रे हातात घेऊन उभी होते. तो मी टेबलावर ठेवला. जोरात ठेवला असणार, कारण चहा सांडला.

"आबा, गेम मामानं आणलेला."

"आसंल, मामानं आसंल. पर घरात मीच ठिवून घेतला न्हवं का."

"तुमी जाळला त्यो."

आबांनी पडद्यावरची नजर काढली नाही. "कवा?"

"मी आठवीत हुते तवा. कुऱ्हाडीनं फोडला आन् बंबात घातला. आन् त्याच पाण्यानं मला आंघोळ कर म्हणालासा."

"काय बी बोलती," आबा चुलत्यांकडं बघून हसले. झटक्यानं तोंड जरा वाकडं झालेलं, त्यामुळं ते हसणं आणखी वाईट दिसलं. "बिघडला हुता त्यो. वायर जळली हुती आतली. मी कशाला जाळू? सपान पडलं आसंल हिला."

चुलते कपातल्या चहाकडं बघायला लागले. आणि तेवढ्यात पडद्यावर रणगाडा फुटला.

"आगं, मेला बघ. मागं ने."

तिथं माझा तोल गेला. "न्हाई नेणार मागं!" मी ओरडले. "जाळला तुमी! माझ्या डोळ्यांदेखत जाळला! पोरं पळून गेली, त्यातलं एक बी परत माझ्याशी बोललं न्हाई शाळेत! सपान व्हय? धूर माझ्या घशात हाय अजून!" मी लॅपटॉप फाडकन मिटला. आबांचा हात कंट्रोलर धरून तसाच हवेत राहिला.

स्वयंपाकघरातून आई धावत आली. "आगं हळू! लोक ऐकत्यात खाली."

"ऐकू दे की!"

चुलते उठले, उशीर झाला म्हणाले आणि चपला घालून गेले. आबांनी तोंड भिंतीकडं केलं. त्या दिवशी त्यांनी व्यायाम केला नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. बाई आल्या आणि हात हलवत परत गेल्या. नवरा पाळीवरून आला, त्याला आईनं सगळं सांगितलं होतं. तो मला म्हणाला, "आजारी माणूस आहे. इतक्या जुन्या गोष्टीवरून एवढं कशाला?"

"आजारी माणसाला खोटं बोलायची परवानगी असते का?"

"आठवत नसेल त्यांना."

"सोप्यातल्या टीव्हीची जागा आठवते, रणगाड्यांचा खेळ आठवतो, मी कितवीत किती मार्क पाडले ते आठवतं. नेमकं एवढंच कसं आठवत नाही?"

तो हातपाय धुवायला निघून गेला. तो शहाणा आहे. पण त्या वेळी मला त्याचा शहाणपणाही सहन होत नव्हता.

आई दुसऱ्या दिवशी गच्चीवर आली. मी कपडे वाळत घालत होते. ती बादलीतून एकेक कपडा पिळून माझ्या हातात देत होती. मध्येच म्हणाली, "त्यास्नी नगं बोलूस आता. मीच सांगितलं हुतं."

"काय सांगितलं हुतंस?"

"त्यो खेळ बंद करा म्हणून. आळीतल्या बाया बोलाय लागल्या हुत्या. तुमची पोरगी पोरांच्यात मांडीला मांडी लावून बसती म्हणत्यात. तुझा बाप तिकडं सीमेवर. उद्या काय कमीजास्त झालं असतं तर समदं माझ्यावर आलं असतं. ते सुट्टीवर आले, तवा मी सांगितलं."

"जाळा म्हणालीस?"

"बंद करा म्हणाले. कसं ते त्यांनी ठरवलं."

"आन् तू आत भाकरी थापत हुतीस."

"व्हय. ऐकत हुते," आई म्हणाली आणि पुढची चादर पिळायला लागली.

तिच्या आवाजात लाज नव्हती, दुःखही नव्हतं. बाजारातून कुठली भाजी आणली ते सांगावं तसं तिनं सांगितलं. मला तिचं म्हणणं कळत होतं. एकटी बाई, फौजीची बायको, गाव कसं असतं ते मला ठाऊक आहे. सगळं कळत होतं आणि त्यामुळंच डोकं आणखी तापत होतं. इतकी वर्षं मी फक्त आबांवर चिडले होते. आईला मी माझ्या बाजूची धरलं होतं. माझ्या केसांना वास येत नाही असं सांगणारी आई. मला तिच्याकडं बघवेना. चिमटे तिथंच टाकून मी खाली आले.

आबांनी मग दोनतीन दिवसांनी आपणहून म्हटलं, "लाव की त्यो खेळ." मी लावला. पण शेजारी बसले नाही. मागं जायचं बटण मी कंट्रोलरवरच, त्यांच्या डाव्या हाताच्या बोटाखाली येईल असं करून दिलं आणि सांगितलं, "तुमचं तुमी न्या मागं." त्यांनी ते शिकून घेतलं. जाळल्याबद्दल ते काही बोलले नाहीत. आईनं सांगितल्यावरून त्यांनी तसं केलं, हेही बोलले नाहीत. तिला वाचवायला ते खोटं बोलत होते, की स्वतःला, की खरंच त्यांच्या डोक्यातून ते पुसलं गेलं होतं, हे मला आजही सांगता येणार नाही. नवरा म्हणतो, चांगल्या बाजूनं विचार कर. मी करत नाही.

हात सुधारला. घास तोंडापर्यंत जायला लागला, सदऱ्याच्या गुंड्या लागायला लागल्या. मग आबा-आई गावी गेले. जाताना आबांनी नवऱ्याला सांगितलं की तसलं एक यंत्र गावात पाहिजे. नवऱ्यानं एक जुना कॉम्प्युटर नेऊन जोडून दिला. एम्युलेटर मात्र मलाच घालून द्यावा लागला. घालून दिला. हात परत आखडला असता तर परत माझ्याच घरी आले असते, असं मी स्वतःला सांगितलं.

यंदा जत्रेच्या आधी मी एकटीच गावी गेले. सोप्यात पाऊल टाकलं आणि थांबले. आबा खुर्चीत, कॉम्प्युटर समोर, आणि जमिनीवर आळीतली सगळी पोरं. मुलगे, मुली, सगळे एकमेकांना खेटून. एक शाळकरी मुलगी दुसरा कंट्रोलर घेऊन आबांच्या पायाशी बसली होती आणि त्यांना झापत होती, "आबा, उजवी बाजू सांभाळा की वो!" आबा हसत होते. आईनं पोरांसाठी परातीत चिरमुरे-फुटाणे ठेवले होते. तिनं मला बघितलं आणि म्हणाली, "आलीस? बस, तू बी बस की."

मला बरं वाटायला हवं होतं, हे मला कळतं. त्या मुलीचा काय दोष? तिचं तर भलंच झालं. पण माझ्या छातीत नुसता राग भरून आला. आता चालतं? आता आळीतल्या बाया बोलत नाहीत? आता कुणाच्या घराला बट्टा लागत नाही? मग तेव्हा काय झालं होतं, आणि माझ्याच वाटणीला का आलं होतं?

मी बसले नाही. आत जाऊन पाणी प्याले, आबांच्या गोळ्या किती उरल्यात ते बघितलं आणि दुपारच्या गाडीनं परत निघाले. आई फाट्यापर्यंत सोबत आली. ऊन कडक होतं, तिनं पदर डोक्यावर ओढून घेतला होता.

"आजून राग हाय तुला," ती म्हणाली.

"हाय."

"किती दिस ठिवणार?"

"तू एकदा म्हण आई, चुकलं म्हणून. आबा न्हाई म्हणणार, मला ठावं हाय. तू म्हण."

उसाचा एक ट्रॅक्टर गेला, त्याच्या मागे धूळ उडाली. आईनं तोंडाला पदर लावला.

"तवा मला दुसरं काय बी सुचलं नसतं," ती म्हणाली. "आज बी सुचत न्हाई."

एवढंच. चुकलं असं ती म्हणाली नाही. एसटी आली. मी चढले, खिडकीपाशी जागा मिळाली. आईनं बाहेरून विचारलं, कराडला गाडी बदलावी लागंल का, मी म्हटलं, लागंल. कंडक्टरनं बेल मारली. आई गाडी दिसेनाशी होईपर्यंत फाट्यावर उभी असणार, ती नेहमीच राहते. मी मागं वळून बघितलं नाही.